पाळण्यातली भीती

गेल्या रविवारी माझ्या चार वर्षांच्या नातीने समुद्रकाठी मला गप्प केले, तेव्हापासून मला नीट झोप नाही.

आम्ही राहतो त्या बेटावरच्या नॉरविकच्या पुळणीवर होतो. ओवी एका खडकावर चढून बसली होती आणि मागून भरतीचे पाणी चढत होते. मी हाक मारली, "ओवी, खाली उतर." ती उतरली नाही. तिने ओठांवर बोट ठेवले. मी गुडघाभर पाण्यातून तिच्यापर्यंत गेलो, तेव्हा ती अगदी हळू म्हणाली, "आजोबा, इथं नाव घ्यायचं नाही."

"का गं?"

"पाणी ऐकतं."

दीड वर्षापूर्वी हेच दोन शब्द तिच्या आजीने मला आमच्या स्वयंपाकघरात ऐकवले होते. त्यानंतर अकराव्या दिवशी ती गेली.

मी ओवीला उचलले आणि मागे न बघता गाडीपर्यंत आलो.

मी इंजिने दुरुस्त करणारा माणूस आहे. लिहिणे माझे काम नव्हे, ते ओवीच्या आजीचे होते. पण उद्या, गुरुवारी, इथल्या शाळेत पालकांची सभा आहे आणि तिथे मला बोलायचे आहे. उभा राहिलो की मी काहीतरी गाळीन हे मला माहीत आहे. म्हणून सगळे आधी कागदावर उतरवून ठेवतो.

आम्ही मालवणचे. बंदरातल्या बोटींची डिझेल इंजिने माझ्याकडे यायची. ती पुण्याला भाषाशास्त्र शिकवायची. मच्छीमारांचे शब्द गोळा करायला मालवणला आली, माझ्याकडे इंजिनाच्या भागांना आम्ही काय म्हणतो ते विचारायला धक्क्यावर आली, आणि राहिली. लग्नानंतर ती मला नावाने हाक मारायची, तीही धक्क्याच्या एका टोकावरून दुसऱ्या टोकाला. दहा इंजिने चालू असली तरी तिचा आवाज त्यांच्या वर चढायचा. "हरेश". माझी आई कपाळाला हात लावायची.

"गो, घोवाचा नाव असा बंदरार कित्याक घेतंस?"

"आई, नाव घेतल्याशिवाय तुमचा मुलगा वळून बघत नाही," ती म्हणायची.

हे खरे होते. इंजिनात डोके घातले की मला दुसरे काही ऐकू येत नसे. तिची हाक तेवढी यायची.

सात वर्षांपूर्वी इथल्या एका भाषासंस्थेने तिला बोलावले. शेटलंड बेटांतले अन्स्ट हे अगदी उत्तरेचे बेट. झाडे नाहीत, मेंढ्या आणि वारा. संस्थेची एक होडी होती, तिचे इंजिन सांभाळायला मला ठेवले. आमची मुलगी ऋजुता आधी शिकायला आणि मग लग्न करून इथेच राहिली. ती इथल्या शाळेत शिक्षिका आहे, ओवी तिचीच.

या बेटांवर पूर्वी नॉर्न नावाची भाषा बोलत. नॉर्वेहून आलेल्या लोकांची भाषा. पुढे स्कॉटलंडची सत्ता आली, त्यांची भाषा आली, आणि नॉर्न हळूहळू मागे पडली. ती बोलणारा शेवटचा माणूस म्हणून ज्याचे नाव सांगतात तो याच बेटावर राहायचा. तो जाऊन दोनशे वर्षे होत आली. मागे उरले ते एक जुने लांबलचक गाणे, एक प्रार्थना, थोडी कोडी, आणि नंतरच्या एका अभ्यासकाने घरोघर फिरून गोळा केलेले काही हजार सुटे शब्द. एवढ्यावर कुणी बोलू शकत नाही. संस्थेने भाषा शिकणाऱ्या संगणकी यंत्राला हे सगळे दिले, शिवाय आजूबाजूच्या बहीणभाषा दिल्या, आणि मधली भोके भरायला लावली. यंत्राने ती भरली. दोन वर्षांत ते नॉर्नमध्ये तासन्‌तास बोलू लागले.

पण यंत्र बोलले म्हणजे भाषा जिवंत झाली, असे ती मानत नसे. माणसाने बोलायला हवी, तीही विचार न करता, जशी आपण आपली बोलतो तशी. त्यासाठी पाळणा होता.

पाळणा हे नाव तिनेच दिले. लहान मुलाचा मेंदू मऊ असतो. जे कानावर पडेल ते आत मुरते, नियम शिकवावे लागत नाहीत. सात-आठ वर्षांनंतर मेंदूतल्या पेशींभोवती एक प्रकारची जाळी घट्ट होते आणि ती खिडकी बंद होत जाते. म्हणून मोठेपणी शिकलेली भाषा पाठ केल्यासारखी राहते. पाळण्यात एक औषध होते आणि डोक्याला बांधायचा पट्टा होता. औषधाने जाळी सैल व्हायची, पट्ट्याच्या हलक्या झटक्यांनी सैल राहायची. सहा आठवडे. त्या सहा आठवड्यांत जी भाषा ऐकाल ती आईच्या मांडीवर शिकल्यासारखी बसते.

पहिल्या खेपेला दोघे तयार झाले. एक ती स्वतः, अठ्ठावन्नाव्या वर्षी. दुसरा लॉरी माउट, संस्थेची होडी चालवणारा तांडेल. रोज दुपारी आमच्या बैठकीच्या खोलीत ती पट्टा बांधून बसायची आणि स्पीकरवरून यंत्राचे नॉर्न बोलणे हळू चालू असायचे. मी तिथेच पेपर वाचत असे.

लॉरीशी माझे जमायचे. एकदा होडीवर चहा पिताना त्याने मला इथल्या जुन्या मच्छीमारांची रीत सांगितली. खोल समुद्रात गेले की जमिनीवरच्या गोष्टींची नावे घ्यायची नाहीत. समुद्राला राग येतो. पाद्रीला 'उभा राहणारा' म्हणायचे. मांजर, सुरी, चर्च, सगळ्यांना होडीवर वेगळे शब्द. आणि ते मोठ्याने नाही, हळू म्हणायचे.

"बायकोला काय म्हणायचे?" मी विचारले.

"घरची."

मला हसू आले. "आमच्याकडे जमिनीवरही तेच म्हणतात."

"मग तुमच्याकडची जमीनही धोक्याची असणार," लॉरी म्हणाला.

आम्ही दोघे खूप हसलो. ती मात्र हसली नाही. ती लॉरीकडे बघत राहिली आणि तिने वही काढली.

पाचव्या आठवड्यात पहिली गोष्ट माझ्या लक्षात आली. होडीवर तिने मला हाक मारायचे बंद केले. काही हवे असले तर जवळ येऊन खांद्याला हात लावायची. मला वाटले, वय झाले, ओरडायचा कंटाळा येत असेल. मी चेष्टाही केली. "आई असती तर साखर वाटली असती."

मग घरात सुरू झाले. एका दुपारी ती ओट्याशी कांदा घेऊन उभी होती आणि मी सुरी धुवत होतो.

"ते दे ना," ती म्हणाली.

"काय?"

"ते. कापायचं."

"सुरी म्हण की."

तिचा चेहरा पांढरा पडला. खिडकीतून खाली समुद्र दिसत होता, तिकडे तिने एकदा पाहिले आणि हळू म्हणाली, "नाव नको घेऊस. पाणी ऐकतं."

मग आपण काय बोललो हे तिचे तिला कळले. ती खाली जमिनीवरच बसली. मी ओट्यावरचा पेपर उचलून पंख्यासारखा हलवत राहिलो, दुसरे काय करावे सुचेना.

"हे मी नाही बोलले," ती म्हणाली. "म्हणजे, मीच बोलले. पण ठरवून नाही. तुला कळतंय का?"

"नाही."

"मलाही आत्ताच कळतंय."

तिने मला सांगितले ते असे. भाषा मरायला लागली तेव्हा लोकांनी घरातले शब्द सहज सोडले. नव्या भाषेत काम भागत होते. पण समुद्रावरचे शब्द सोडायची कुणाची हिंमत झाली नाही, कारण ते सोडले तर बुडू अशी धास्ती होती. त्यामुळे ते जास्त दिवस टिकले, आणि अभ्यासकाच्या हाती लागलेल्या शब्दांत त्यांचा भरणा मोठा झाला. यंत्राला समुद्र माहीत नाही, धास्ती माहीत नाही. त्याला एवढेच दिसले की या भाषेत वस्तूचे आणि माणसाचे खरे नाव टाळतात, वळसा घेऊन बोलतात, आवाज खाली ठेवतात. भोके भरताना त्याने तोच नियम सगळीकडे पसरवला, घरात, शेतात, आई-मुलाच्या बोलण्यात.

"आणि आम्ही तो मेंदू उघडा ठेवून ऐकला," ती म्हणाली. "लहान मूल विस्तवाला हात लावायचा नाही हे शिकतं ना, तसा तो आत बसलाय. आता मराठीतही येतोय. शब्द तोंडाशी येतो आणि छाती धडधडते."

"बंद कर मग."

"पट्टा काढला तरी जे बसलं ते बसलं."

तिने माझा हात धरला. इतकी घाबरलेली मी तिला कधी पाहिली नव्हती. मालवणला वादळात होडी उलटायला आली होती, तेव्हाही ती शिव्या देत होती.

"माझं नाव घेऊन बघ," मी म्हणालो.

तिने तोंड उघडले. पाणी दिसत होते म्हणून मी उठून पडदा ओढला. मग तिला जमले, पण घाम फुटला. "हरेश." नवीन सुनेसारखे, ओठातल्या ओठात.

तिने संस्थेला लगेच कळवले नाही. आधी मोजून बघू, मग कळवू, नाहीतर म्हणतील बाईला भास होतात, असे तिचे म्हणणे. तिने ठरवले की समुद्रावर जायचे, छातीला नाडी मोजायचा पट्टा लावायचा, कॉलरला मायक्रोफोन लावायचा, आणि कुठला शब्द किती अडतो ते नोंदवायचे. मी हो म्हणालो. मी नाही म्हणायला हवे होते.

अकराव्या दिवशी, सकाळी दहाच्या सुमारास आम्ही तिघे निघालो. ऊन होते. लॉरी पुढे केबिनमध्ये सुकाणूवर. जाता जाता त्याचे लॉब्स्टरचे पिंजरे सोडायचे होते, ते मागे दोराला बांधून ठेवलेले. इंजिन थंड ठेवणारा पाण्याचा पंप आवाज करत होता म्हणून मी इंजिनाचे झाकण उघडून आत वाकलो. इंजिन चालू होते. ती माझ्या मागे, आठ फुटांवर.

हेलकाव्याने पिंजरे कडेवरून घसरले, त्यांचा दोर तिच्या पायात अडकला आणि पाण्यात जाताना ते तिला घेऊन गेले. होडीच्या कडेला टायर टांगलेले असतात. त्यातल्या एकाचा दोर तिच्या हाती लागला. खाली पिंजऱ्यांचे वजन ओढत होते, वर तिने दोर धरला होता. लाइफ जॅकेटने तिचे डोके पाण्याबाहेर होते. लॉरीची पाठ होती. माझे डोके इंजिनात होते. तिने एक हाक मारली असती तर मी वळलो असतो. तीस वर्षे वळत आलो होतो.

मी सहा मिनिटांनी वर आलो, पाना घ्यायला. ती दिसली नाही. मग पिंजऱ्यांचा दोर होडीवरच्या रहाटाने वर ओढला.

चौकशीत लिहिले की पाय दोरात अडकला, थंडीने हातातले बळ गेले. ते खोटे नाही. संस्थेने पाळण्याला तिचे नाव दिले.

रेकॉर्डरची पेटी केबिनमध्ये होती, ती मी घरी आणली आणि आठ दिवसांनी ऐकली. सहा मिनिटे. पाण्याचा आवाज आहे. तिचा श्वास आहे. सुरुवातीला ती म्हणते, "ह". मग थांबते. पुन्हा "ह". असे अकरा वेळा. नाडीचा आकडा दर वेळी एकशेसत्तरच्या वर जातो. मग ती वळसे घेऊ लागते, इतक्या हळू की मायक्रोफोन कॉलरला होता म्हणून ऐकू येते. "घरच्या. अरे, घरच्या. यंत्राजवळच्या." शेवटचा दीड मिनिट नॉर्न आहे. तो मला समजत नाही.

मी ती पेटी आणि तिची वही पान्यांच्या पेटीत, खाली, तेलकट चिंध्यांखाली ठेवली. ऋजुताला हे ऐकवायचे कसे? आणि ऐकवले तर आईचे आयुष्यभराचे काम बंद पडेल, तेही तिच्या आवाजानेच. मला वाटले, आता कुणाला धोका नाही. लॉरी तेवढा उरला होता. त्याने होडीवरचे काम सोडले आणि समुद्र दिसणार नाही अशा गावी राहायला गेला. बायकोला नावाने हाक मारतो का, ते मी त्याला विचारले नाही.

लहान मुलांची खिडकी मुळातच उघडी असते, त्यांना ना औषध लागते ना पट्टा, हे मला समजायला हवे होते. पाळण्याचाच पुढचा भाग म्हणून संस्थेने लोकरीचे पक्षी विणून घेतले, त्यांच्या पोटात स्पीकर बसवले आणि शाळेतल्या काही मुलांना दोन महिन्यांसाठी घरी दिले. पक्षी नॉर्नमध्ये गोष्टी सांगतो. पहिला पक्षी ओवीला मिळाला. तिच्या आजीच्या मानाने.

सोमवारी दुपारी शाळा सुटल्यावर मी पेटी घेऊन ऋजुताकडे गेलो.

"बाबा, बरं झालं आलास. गुरुवारी तू दोन शब्द बोल. ऑगस्टपासून सगळ्या वर्गांत पाळणा सुरू होतोय. आईबद्दल बोल, लोकांना आवडेल."

"आधी हे ऐक."

"काय आहे?"

"आईचं आहे. बसून ऐक."

तिने कानात इअरफोन घातले. मी खिडकीशी जाऊन उभा राहिलो. सहा मिनिटे मी समोरच्या मेंढ्या मोजत होतो आणि चुकत होतो. ओवी जमिनीवर पक्ष्याला मांडीवर घेऊन बसली होती. तो तिला काहीतरी सांगत होता, हळू.

ऋजुताने इअरफोन काढले.

"हे कुठं होतं?"

"पान्यांच्या पेटीत."

"दीड वर्ष?"

"हो."

"आणि मी पोरीच्या उशाशी तो पक्षी ठेवत होते. तू बघत होतास. तू इथं जेवायला येत होतास, बाबा."

रविवारी खडकावर काय झाले ते मी सांगितले. ती उठली, कात्री घेतली, ओवीच्या मांडीवरून पक्षी उचलला आणि त्याच्या पोटाची शिवण उसवली. स्पीकर बाहेर काढला तरी तो बोलत होता. तिने तो पाण्याने भरलेल्या पातेल्यात टाकला. मग बंद झाला.

ओवी रडली नाही. पातेल्याकडे बघत म्हणाली, "आता ते पाण्यात गेलं." त्या पक्ष्याचे नाव तिने चिमू ठेवले होते. ते तिने घेतले नाही.

मग मी वही उघडली. वही मराठीत आहे, या बेटावर ती वाचू शकणारे आम्ही दोघेच. शेवटच्या पानावर तिने लिहिले आहे: "उपाय माहीत नाही. कदाचित मोठ्याने म्हणणे. पाण्यासमोर. कुणी जवळ असताना. मेंदू लहान असेल तर लवकर जमेल, असा माझा अंदाज." खाली दोन रेघा मारल्या आहेत आणि प्रश्नचिन्ह आहे.

ऋजुताने ते दोनदा वाचले. मग म्हणाली, "बाबा, एक विचारू? आई गेल्यापासून तू तिचं नाव घेतलेलं नाहीस."

"आपल्याकडे कुठं घेतात."

"तू घ्यायचास. दिवसातून पन्नास वेळा घ्यायचास. आता म्हणतोस आई, ती, ओवीची आजी, तिकडची. अंत्यसंस्काराला इथल्या पाद्रीनं नाव विचारलं तेव्हा तू माझ्याकडे बोट केलंस."

मला वाटत होते ते दुःख आहे. कदाचित असेलही. पण सहा आठवडे त्याच खोलीत, पेपर वाचत, मीही ते ऐकत होतो. माझी खिडकी केव्हाच बंद झाली आहे. तरी वर आतापर्यंत जे लिहिले ते मी आत्ता वाचून पाहिले. त्यात तिचे नाव कुठेही नाही. मी मुद्दाम टाळले नव्हते.

उद्याच्या सभेत ऋजुता पेटी लावणार आहे आणि मी वही वाचणार आहे. पाळणा थांबेल असे वाटते. तो प्रश्न मोठ्या माणसांचा आहे, मोठी माणसे सोडवतील. पण ओवीने दोन महिने ऐकले आहे. तिच्या आत काय बसले आणि किती, हे सांगणारे कुणी नाही.

म्हणून आज सकाळी मी तिला घेऊन पुन्हा नॉरविकला गेलो. ऋजुता गाडीपाशी थांबली. ओहोटी होती, वारा कमी. ओवीने माझे बोट घट्ट धरले होते. पाण्यापासून दहा पावलांवर ती थांबली, पुढे येईना.

"आजोबा नाव घेणार आहेत," मी म्हणालो. "आजीचं."

तिने मान हलवली. नको.

"काही होत नाही."

असे म्हणालो, पण माझी स्वतःची छाती इंजिनासारखी धडधडत होती. तोंड उघडले तर पहिले अक्षर जिभेवर येऊन अडकले. मला रेकॉर्डिंग आठवले. अकरा वेळा. मी डोळे मिटले, मालवणचा धक्का आठवला, आणि ओरडलो.

"शलाका."

ओवीने कान झाकले. मी पाण्याकडे पाहिले. सहासष्ट वर्षांचा माणूस, इंजिने उघडून बसवणारा, आणि मी खरेच पाहत होतो, आता काय वर येते म्हणून. एक लाट आली तशी गेली. मी पुन्हा ओरडलो, शलाका, आणि पुन्हा. तिसऱ्या वेळी आवाज फाटला. मागे ऋजुता गाडीला टेकून रडत होती.

ओवीने कानांवरचे हात काढले.

"आता तू," मी म्हणालो. "तुझं."

ती पाण्याकडे बघत राहिली. तिचे ओठ गोल झाले. "ओ," ती म्हणाली, आणि थांबली. तिच्या गळ्याजवळची शीर उडताना मला दिसत होती. मी तिच्याजवळ गुडघ्यांवर बसलो. पुन्हा "ओ". पुन्हा थांबली. मी मोजायचे नाही असे ठरवले होते, तरी मोजत होतो. चार. पाच.

सहाव्या वेळी तिने ते पूर्ण केले. "ओवी." पण इतक्या हळू, की जवळ एखादे इंजिन चालू असते तर मला ऐकू आले नसते.

"अजून मोठ्यानं," मी म्हणालो.